मे महिन्यातली हजेरी

गार्ड माझ्या मुलीचं नाव शाळेत घालायला स्वतःहून तयार झाला, तेव्हा मला पहिली शंका आली.

जून संपत आला होता. सकाळी मी सायकलला हवा मारत होतो, तर तो अंगणात येऊन उभा राहिला. अंगावर वर्दी नव्हती, हातात बिस्किटाचा पुडा होता. म्हणाला, "उद्या माह्या पोराचं नाव टाकाले शाळेत जाऊन राह्यलो. तुही पोरगी बी संगं नेतो. तू काऊन रोजी बुडवतं?"

या माणसाला माझ्या रोजीची काळजी वाटावी, हे नवीन होतं. सात वर्षांत ती बुडवायचं काम त्यानंच इमानानं केलं होतं.

पोंभुर्ण्याच्या पुढे, नाल्याच्या काठी सरकारी रोपवाटिका होती. जिल्हा फुटून गडचिरोली वेगळी झाली, त्याच्या आदल्या वर्षी मी तिथे रोजंदारीवर लागलो. पिशव्या भरायच्या, साग आणि बांबू लावायचा, निंदण करायचं, झारीनं पाणी घालायचं. आम्ही सहा जण होतो. जंगलखात्याचा हा गार्ड आमची हजेरी लिहायचा आणि त्यावर रेंजर साहेबांची सही व्हायची.

कायद्यानं वर्षात दोनशे चाळीस दिवस भरले की माणूस सलग कामावर आहे असं धरतात, आणि अशी काही वर्षं झाली की त्याला कायम होण्याचा हक्क सांगता येतो. हे आम्हांला पुष्कळ उशिरा कळलं. ज्यांनी आम्हांला कामावर ठेवलं, त्यांना ते आधीपासून माहीत होतं. म्हणून दर उन्हाळ्यात दोन महिने आणि दिवाळीच्या आसपास एक महिना आमचा खंड पडायचा. वर्षाच्या शेवटी मी बेरीज करायचो. कधी दोनशे बत्तीस यायची, कधी दोनशे छत्तीस. दोनशे चाळीस एकाही वर्षी नाही. पाऊस कमीजास्त होतो, रोगराई येते, बजेट वरखाली होतं, पण हा आकडा कुंपणाच्या आतच राहायचा. आकडे इतके शहाण्यासारखे वागायला लागले की त्यांना कुणीतरी शिकवलेलं असतं, एवढं मला हिशेबावरून कळत होतं.

खंडात काम मात्र बंद नसायचं. नवतप्यात, मे अखेरच्या त्या नऊ कडक दिवसांत, रोपांना एक दिवस पाणी चुकलं तर संध्याकाळी माना टाकतात. त्यामुळे मी रोजच्यासारखा जायचो, झारी उचलायचो, आणि हजेरीवर माझ्या जागी माझ्या बायकोचं नाव लागायचं. कुणाच्या भावाचं, कुणाच्या सुनेचं. पगाराच्या दिवशी तिची सही घ्यायला गार्ड घरी यायचा. बायको सातवी शिकलेली, त्यामुळे अंगठ्यावर भागत नसे. पहिल्या वर्षी तिनं ठसठशीत सही केली होती, तेव्हा पुढेही तशीच लागायची. सही करताना ती दरवेळी म्हणायची, "आज मी किती पिशव्या भरल्या जी भाऊ?" आणि गार्ड हसून म्हणायचा, "लई भरल्या वयनी. थकल्या असान तुमी."

आम्हीही हसायचो. रोजी मिळत होती ना.

पुढे चंद्रपूरहून युनियनचे लोक आले. विहाराच्या पटांगणात बैठक झाली. त्यांच्या वकिलांनी सांगितलं की कायम करायचं नाही म्हणून माणसाला मुद्दाम वर्षानुवर्षं तात्पुरता ठेवणं, हेच कायद्यात चुकीचं आहे. पण तो हेतू दाखवता आला पाहिजे. सहा जणांची केस लागली. सरकारनं उत्तर दिलं की खंडात हे लोक कामावर नव्हतेच, दुसरेच मजूर होते, त्यांची नावं आणि सह्या पाहा.

आता माझ्या मुलीची गोष्ट. ती जन्मली त्या वर्षी बायको बाळंतपणाला माहेरी, भद्रावतीकडच्या एका खेड्यात गेली होती. मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात घरीच दाईच्या हातानं बाळंत झाली. ग्रामपंचायतीत कुणी नोंद केली नाही. आणि त्याच मे महिन्यात, हजेरीप्रमाणे, माझी बायको पोंभुर्ण्याच्या पुढे नाल्याकाठी रोज आठ तास पाणी घालत होती. बाकी वर्षांची सही खरी की खोटी यावर वाद घालता आला असता. या एका महिन्यावर वाद नव्हता. बाळंतीण बाई साठ-सत्तर किलोमीटरवर झारी कशी धरेल?

वकिलांनी विचारलं, "मुलीच्या जन्मतारखेचा सरकारी कागद आहे का?" मी म्हटलं, नाही. ते म्हणाले, "या वर्षी शाळेत नाव घालताय ना? मग तोच पहिला कागद होईल. तारीख नीट सांगा."

हे बोलणं झालं आणि पंधरवड्याच्या आत गार्ड बिस्किटाचा पुडा घेऊन अंगणात उभा होता.

मी म्हटलं, "नको भाऊ. मीच येतो घेऊन."

"अगा, येच्यात का हाय? नाव सांगाचं, बापाचं नाव सांगाचं, झालं."

"तारीख सांगावी लागते."

"ते मास्तर टाकते ना," तो म्हणाला आणि पुडा मुलीच्या हातात देऊन निघून गेला. मी तो पुडा काढून घेतला, उलटासुलटा पाहिला. बायको म्हणाली, "आता बिस्किटात का शोधून राह्यले? खाऊ द्या लेकराले."

दुसऱ्या दिवशी मी आधी जाऊन शाळेच्या पायरीवर बसलो. आमच्या शाळेची रीत अशी की मुख्याध्यापक सगळ्या मुलांना एक जुलै तारीख देत. आईबापांना तारीख ठाऊक नसे, असली तरी ती वयात बसत नसे, आणि गुरुजींनाही एकच तारीख खाली खाली लिहीत जाणं सोपं जाई. गावात पंचवीस वर्षांखालची जवळजवळ सगळी माणसं एक जुलैची. गार्डच्या पोराचीही तीच पडली. तो समोरच उभा होता.

माझी पाळी आली. गुरुजींनी न विचारताच लिहायला घेतलं. मी त्यांच्या लेखणीसमोर हात धरला.

"एक जुलै नाही गुरुजी. मे महिन्यातली आहे." मी दिवस सांगितला.

"अरे, काय फरक पडतो?"

"मला पडतो."

गुरुजींनी चष्मा काढला. "ऐक माझं. पोरगी उद्या नोकरीला लागेल. मे टाकलीस तर दीड महिना आधी रिटायर होईल. दीड महिन्याचा पगार जाईल तिचा. हिशेबी माणूस ना तू?"

"जाऊ द्या. तेवढी नोकरी तिची नव्हतीच म्हणायची."

रांगेतले लोक हसले. गार्ड हसला नाही. तो पोराचा हात धरून म्हणाला, "लिहा ना गुरुजी एक जुलै. गावाचं एक अन् येचं एक, कायले?" मग माझ्याकडे न बघता निघून गेला. मला तेवढं पुरेसं होतं. गुरुजींनी कपाळाला आठी घालून माझी तारीख लिहिली. शाई वाळेपर्यंत मी तिथून हललो नाही.

हिवाळ्यात चंद्रपूरला साक्षी सुरू झाल्या. पहिल्याच तारखेला आमचे वकील आणि सरकारी वकील कँटीनमध्ये एका बाकावर बसून चहा पिताना मला दिसले. दोघं हसत होते. मी बायकोला म्हटलं, "बघ, दोघं एकच आहेत." ती म्हणाली, "तुमाले तर मायाबी संशय येते. चहा पेऊन राह्यले फक्त." तरी त्या दिवसापासून वकिलांनी दिलेला प्रत्येक कागद मी दोनदा वाचून सही करू लागलो. एकदा तर त्यांनी चिडून सांगितलं की एवढा विश्वास नसेल तर दुसरा वकील बघा. दुसऱ्या वकिलावर तरी माझा विश्वास कुठून बसणार होता?

बायकोला त्यांनी एवढंच पढवलं होतं: मी त्या महिन्यात माहेरी होते, बाळंत झाले, बस. हजेरीवरच्या सहीचा विषय आपण होऊन काढायचा नाही. कारण खोट्या ठिकाणी तिनं स्वतः सही केली होती, आणि ते कोर्टात कबूल केलं तर तिच्यावरच काय शेकेल, कुणी सांगावं.

ती उभी राहिली. पांढरं लुगडं, डोक्यावर पदर. मी मागच्या बाकावर होतो. दोन बाक सोडून गार्ड बसला होता, सरकारचा साक्षीदार म्हणून.

सरकारी वकिलांनी शाळेचा दाखला हातात घेतला आणि फार गोड आवाजात सुरुवात केली. "बाई, तुमच्या मुलीच्या वर्गात मुलं किती?"

"असतील तीस-बत्तीस."

"त्या सगळ्यांची जन्मतारीख एक जुलै आहे. मी वर्गाची यादी मागवली आहे. सगळ्या गावात फक्त तुमच्याच मुलीची तारीख वेगळी. आणि नेमकी ज्या महिन्याची तुम्हांला केससाठी गरज आहे, त्याच महिन्यातली. केस लागल्यानंतर लिहिलेली. हा योगायोग म्हणायचा का?"

शाळेच्या पायरीवर बसून मी जी एक तारीख खरी लिहवून घेतली होती, तीच सगळ्यांत खोटी दिसत होती. तीस खोट्या तारखांमध्ये ती एकटी उभी होती. न्यायाधीश साहेबांनी दाखला मागून घेतला आणि चष्म्याच्या वरून बायकोकडे पाहिलं. ती नजर मला ओळखीची होती. मी स्वतः सात वर्षं लोकांकडे तशीच बघत आलो होतो.

"सांगा," वकील म्हणाले. "तुम्ही माहेरी होतात, हे तुमच्या नवऱ्याशिवाय आणि तुमच्या आईबापाशिवाय कुणाला माहीत आहे?"

आमचे वकील कागदात डोकं घालून बसले. बायको वळली आणि सरळ गार्डकडे बघून म्हणाली, "या भाऊले मायीत हाय ना."

"कुणाला?"

"यायले. हे तं पाळण्याले आले होते आमच्या घरी. सही घ्याले."

आमच्या वकिलांनी डोळे मिटले. जे बोलायचं नाही ते ती बोलली होती.

न्यायाधीश पुढे झुकले. "कसली सही?"

"हजेरीच्या पगाराची, साहेब. हे घरचे इकडे पाणी घालत होते, यायले सुट्टी नाई भेटली. पोरीच्या पाळण्याले बाप नोहता. पण हे भाऊ आले. म्हणाले, वयनी, एवढी सही करा, नाईतर पैसे अटकतील. मी बाजेवर बसून सही केली. पोरगी मांडीवर होती."

हे सगळं खरं होतं. त्या दिवशी मी नाल्याकाठी बायकोच्या नावानं पाणी घालत होतो म्हणून माझ्या मुलीच्या नामकरणाला गेलो नाही. आणि माझी बायको पाणी घालते आहे असं लिहून घ्यायला गार्ड एसटीनं भद्रावतीला आणि तिथून पायी तिच्या माहेरी गेला होता. परत आल्यावर त्यानंच मला सांगितलं होतं, "पोरगी तुह्यावर गेली गा, कपाळावर आठ्या हायेत." बाळ बघायला रिकाम्या हातानं जात नाहीत, म्हणून त्याच्या बायकोनं एक झबलं शिवून दिलं होतं. ते झबलं घरी आलं तेव्हा मी त्याची शिवणसुद्धा चाचपून पाहिली होती. या घरातून आपल्याला फुकट काही का यावं, हा प्रश्न मला तेव्हाही पडला होता.

सरकारी वकील म्हणाले, "साहेब, बाई आता नवीनच गोष्ट रचतायत."

"रचून कशाले सांगू?" बायको म्हणाली. आवाज चढला नव्हता. "झबलं आणलं होतं यायनं. गुलाबी. यायच्या बाईनं आपल्या लुगड्याचे काठ लावले होते त्याले."

"काठ नोहते," गार्ड बसल्या जागेवरून म्हणाला. "झालर होती."

मागून कुणीतरी हसलं. शिपायानं "शांत" म्हटलं. गार्डला आपण काय बोललो ते तेव्हा कळलं असावं. त्यानं टोपी काढून मांडीवर ठेवली.

न्यायाधीशांनी त्याला उभं राहायला सांगितलं. "तुम्ही त्या दिवशी या बाईंच्या माहेरी गेला होता?"

गार्डनं सरकारी वकिलांकडे पाहिलं. वकील खिडकीकडे बघत होते. रेंजर साहेब आलेच नव्हते, ते कुठल्याच तारखेला आले नाहीत.

"गेलो होतो साहेब."

"तेव्हा मूल किती दिवसांचं होतं?"

"पाळणा होता, म्हणजे बारा दिवसांचं."

"आणि त्याच दिवशी बाई रोपवाटिकेत हजर आहेत असं तुम्ही लिहिलं?"

"लिवा म्हणून सांगितलं होतं, साहेब."

कुणी सांगितलं होतं, हे त्यानं त्या दिवशी सांगितलं नाही, आणि पुढेही नाही.

निकालाला बराच वेळ लागला. त्यात असं होतं की एका महिन्याची हजेरी खोटी निघाली, तेव्हा बाकी खंडांची हजेरी खरी असल्याचं दाखवण्याची जबाबदारी ती लिहिणाऱ्यांवर येते, आणि ती त्यांनी पार पाडलेली नाही. मी वकिलांना ते वाक्य तीनदा वाचायला लावलं. सात वर्षं संशय आम्हीच घेत होतो. त्या दिवशी कोर्टानं संशय घेतला, आणि तो लागू पडला. सहाही जणांना कायम करण्याचा हुकूम झाला. बायकोच्या सहीबद्दल निकालात एवढंच होतं की ती गरजेपोटी केलेली आहे.

त्या रात्री जेवताना मी तिला विचारलं, "झबल्याला काठ होते का झालर?"

"मले का आठवते आता?"

"पेटीत आहे ते."

"मंग पाहा जाऊन."

मी पाहिलं. झालर होती. ते झबलं तिनं स्वतः धुऊन, घडी घालून ठेवलं होतं. दर दिवाळीला पेटी आवरताना ती ते काढायची. तिला झालर आठवत नसेल यावर माझा विश्वास नाही. पण मी तीनचार वेळा विचारूनही ती कबूल झाली नाही, अजूनही होत नाही.

गार्डला काही महिने घरी बसवलं आणि मग आंध्राच्या सीमेवर सिरोंच्याकडे बदली केली. निघायच्या आदल्या दिवशी तो रोपवाटिकेत आला. नवीन वाफ्यांकडे बघत उभा राहिला. मी झारी खाली ठेवली. एक विचारायचं राहून गेलं होतं.

"भाऊ, त्या दिवशी तुमी पोरीले शाळेत काऊन नेत होते?"

"पोराचं नाव टाकाले चाललो होतो, म्हणून."

"खरं सांगा."

"खरंच सांगून राह्यलो." मग म्हणाला, "रेंजर म्हणे, पोरीची तारीख बघ जरा. मी म्हणलं, बघतो. आता तू सांग, मी बघितलं का?"

"तुमी गुरुजीले म्हणलं, एक जुलै लिहा."

"म्हणलं. तू लिवू देल्लं का?"

"नाही."

"मंग झालं ना." त्यानं एक बांबूचं रोप पिशवीसकट उचललं, माती दाबून पाहिली आणि परत ठेवलं. "पाणी कमी पडून राह्यलं याले," म्हणाला आणि गेला.

मला त्याचं बोलणं पटलं की नाही, हे मी आजही सांगू शकत नाही. कोर्टात तो चुकून बोलला, की बारा दिवसांच्या लेकराच्या अंगावर घातलेला कपडा नाकारायचा त्याला धीर झाला नाही, की दोन्ही? रेंजर साहेबांचं नाव त्यानं का घेतलं नाही? त्याबदल्यात काही मिळालं का? सिरोंच्याहून येणाऱ्या एका कंडक्टरला मी एकदा सहज विचारलं की तो कसा आहे. कंडक्टर म्हणाला, चांगला आहे, तिथे तेलुगू शिकला. एवढ्यावरून काही ठरवता येत नाही.

कायम झाल्यानंतर पहिला मे महिना आला. खंडाची तारीख आली आणि गेली. हजेरी आता नवा गार्ड लिहायचा, लातूरकडचा, तरणा पोरगा. पहिल्या दिवशी सकाळी मी त्याच्या खांद्यावरून पाहिलं. माझंच नाव होतं. दुपारी पुन्हा जाऊन पाहिलं. तेच होतं. संध्याकाळी तिसऱ्यांदा गेलो तेव्हा तो वैतागला. "काका, पुसून जातंय का काय तुमचं नाव?"

मी म्हटलं, "जाते. तुम्हांला माहीत नाही."

घरी उशीर झाला. बायको दारात उभी होती, मुलगी तिच्या पदराआडून बघत होती.

"का झालं? एवढा उशीर?"

"काही नाही. हजेरी पाहत होतो."

"कोणाचं नाव हाय?"

"माझं."

"मंग हातपाय धुवा अन् जेवाले बसा," ती म्हणाली. "मी तं काई आज कामावर गेली नाई. स्वयंपाक कवाचा झाला."